मेक्सिकोचे ढग आणि आमच्या सवाष्णी

मेक्सिकोतल्या एका कॅमेरामनमुळे आमच्या घरातल्या सगळ्या सवाष्णी एका दुपारी विधवा झाल्या. त्यांचे नवरे तिथेच धडधाकट उभे राहून पुऱ्यांची वाट बघत होते, हा भाग वेगळा. त्या कॅमेरामनला याची कधीच खबर लागली नाही. खबर न लागलेलंच बरं, कारण आमच्या आत्याने पुढे त्याच्या सात पिढ्यांचा उद्धार केला आणि तो मेक्सिकोत असल्याने राहिलेला सगळा राग माझ्यावर काढला.

गोष्ट सत्तरच्या दशकातली. मी आमच्या घरातला पहिला पदवीधर. बाबांची निर्मळजवळ केळीची आणि पानवेलीची वाडी होती. माझ्या आधी आमच्या घराण्यात कोणी शिकलंच नव्हतं असं नाही, पण सातवीच्या पुढे जायला वाडीने कोणाला सोडलं नव्हतं. मला सोडलं. मी भौतिकशास्त्र घेऊन बी.एस्सी. झालो आणि ज्या शाळेत शिकलो त्याच शाळेत विज्ञानाचा शिक्षक म्हणून लागलो. हेडमास्तरांनी स्वतः घरी येऊन बाबांना ही बातमी दिली. बाबांनी त्यांना केळफुलापासून घडापर्यंत जे जे देता येईल ते सगळं दिलं. सर सायकलवरून आले होते, त्यामुळे घड मी मागून डोक्यावर घेऊन गेलो.

वसईत एक फादर होते. शाळेत त्यांनी मला इंग्रजी शिकवलं होतं, म्हणजे मला जेवढं शिकता आलं तेवढं. महिन्यातून एकदा चर्चच्या शाळेच्या हॉलमध्ये ते परदेशी सिनेमा दाखवायचे. मुंबईतल्या निरनिराळ्या वकिलातींकडून रिळं फुकट मिळायची आणि फुकट मिळतं ते फादर कधी नाकारत नसत. त्यामुळे आमच्या भागातल्या बागायतदारांनी पोलंडचं बर्फ, जपानचे तलवारबाज आणि बल्गेरियाची ट्रॅक्टर बनवण्याची पद्धत हे सगळं बघितलेलं होतं. काय बघितलं हे मात्र कोणालाच धड सांगता यायचं नाही.

एकदा मेक्सिकोचा सिनेमा आला. काळापांढरा. सोबत एक चार पानी माहितीपत्रक होतं आणि त्यात हिरोहिरॉइनबद्दल दोन ओळी आणि बाकी सगळं त्या सिनेमाच्या कॅमेरामनबद्दल. फादरांनी ते माझ्या हातात दिलं. "तू पदवीधर आहेस. मराठीत कर आणि स्टेजवरून वाच."

मी दोन रात्री खपून ते मराठीत केलं. कॅमेरामनला मी 'छायालेखक' हा शब्द वापरला. पुढच्या रांगेत बसलेले बाबा मोठ्याने म्हणाले, "सावल्या लिहितो? म्हणजे तलाठी काय?"

हॉल हसला. मी घाम पुसला आणि त्या माणसाची सगळी कारकीर्द वाचून दाखवली. हा माणूस गरिबीत वाढला. एका फोटो स्टुडिओत त्याला काम मिळालं. तिथे तो निगेटिव्हवर पेन्सिल चालवून श्रीमंत गिऱ्हाइकांच्या सुरकुत्या घालवायचा. मग सिनेमाच्या सेटवर साधे फोटो काढायला लागला, मग दिवे लावायला, आणि एक दिवस मुख्य कॅमेरामन कोणाशी तरी भांडून निघून गेला तेव्हा कॅमेऱ्यामागे. तिथून पुढे चाळीस वर्षं तो हटला नाही. त्याचे ढग जगभर गाजले. एका ढगासाठी तो अख्खं युनिट दिवसदिवसभर उन्हात बसवून ठेवायचा. निर्माते शिव्या द्यायचे, नट्या रुसायच्या, भाड्याने आणलेली गाढवं झोपून जायची. तो म्हणायचा, अजून नाही. पुढे रंगीत सिनेमा आला, त्याचे चाहते म्हातारे झाले, आणि पोटासाठी त्याने मुखवटे घातलेल्या पहिलवानांचे सिनेमेही केले. पण पत्रकात म्हटलं होतं की पहिलवानांच्या डोक्यावरचे ढगसुद्धा बघण्यासारखे असत.

मग सिनेमा सुरू झाला. खाली इंग्रजी अक्षरंसुद्धा नव्हती. एक शाल पांघरलेली बाई, एक रागीट माणूस, बरीच मोठी, काटेरी पानांची घायपात, आणि त्या सगळ्यांच्या वर आकाश. पडद्याचा तीन चतुर्थांश भाग आकाशच. काळंभोर आकाश आणि त्यात पांढरे, भरलेले, कोरीव ढग. मी शाळेत पाच वर्षं आणि कॉलेजात चार वर्षं प्रकाशाचा अभ्यास केला होता, पण प्रकाश हा परीक्षेत येणारा विषय आहे यापलीकडे मला त्याच्याबद्दल काही वाटलं नव्हतं. त्या दीड तासात माझं काहीतरी झालं.

बाबांचं मत घरी येताना कळलं. "एवढी घायपात बांधावर माजू दिली म्हणजे माणूस आळशी असणार. आणि ढग नुसते दिखाऊ. दीड तासात एक थेंब नाही."

पत्रकात एक वाक्य होतं. आकाश काळं करायला तो भिंगापुढे लाल काच धरायचा. हे वाचल्यावर मला एकदम पदवीचा उपयोग सापडला. लाल काच निळा प्रकाश अडवते. निळं आकाश फिल्मवर काळं पडणार आणि पांढरे ढग उठून दिसणार. हे मी दरवर्षी दहावीच्या मुलांना शिकवत होतो! शाळेच्या प्रयोगशाळेत लाल काच होती, आणि स्नेहसंमेलनासाठी घेतलेला शाळेचा कॅमेरा कपाटात होता. हेडमास्तरांनी दोन्ही गोष्टी वापरायला दिल्या. त्यांचे माझ्यावर एवढे उपकार आहेत की हा त्यात मोजतही नाही.

मी काच डोळ्याला लावून तासन्‌तास वाडीत फिरायचो. आई शेजारणीला सांगायची, "डोळ्यांचं काहीतरी औषध चालू आहे."

वर्षभराने मी बाबांना सांगितलं की पुण्याला सिनेमाचं शिक्षण देणारी एक संस्था आहे, तिथे मला कॅमेरा शिकायचा आहे. अर्जासोबत स्वतः काढलेले फोटो पाठवायचे असतात, मग मुलाखत होते. तीन वर्षं लागतील. नोकरी सोडावी लागेल.

बाबा पानवेलीला दोर बांधत होते. हात थांबला नाही. "शाळेतली पक्की नोकरी सोडून फोटो काढायचे?"

"सिनेमाचे."

"तो तलाठी डोक्यात बसला तुझ्या."

मी पुढचा दोर त्यांच्या हातात दिला.

"ताईचं लग्न आहे वैशाखात," बाबा म्हणाले. "त्याचे फोटो काढ. नालासोपाऱ्याचा फोटोवाला बोलवायचा नाही, तूच काढ. घरच्यांना, व्याह्यांना आवडले तर जा पुण्याला. नाही आवडले तर हा विषय या वाडीत परत काढायचा नाही."

म्हणजे माझा पुढचा सगळा जन्म आत्याच्या पसंतीवर आला. आत्या बाबांची थोरली बहीण. घरातल्या लग्नांपासून म्हशीच्या खरेदीपर्यंत सगळ्याला तिचा होकार लागे. आमच्या घरात वाडवळी, म्हणजे वसईकडची बोली, बोलतात, पण तिचं बोलणं मी इथे साध्या मराठीत देतोय. वाडवळीत लिहिलं आणि तिला कोणी वाचून दाखवलं, तर ती आशयापेक्षा उच्चारांवरून मला जास्त बोलेल.

लग्न आमच्याच वाडीत झालं. वैशाखाचे शेवटचे दिवस, आणि आकाशाने माझ्यावर कृपा केली. समुद्राकडून पांढरे ढग चढत होते, एकावर एक, अगदी मेक्सिकोसारखे. लग्न लागल्यावर मी दोन्हीकडच्या सगळ्या बायकांना केळीपुढे उभं केलं. मधे ताई लाल शालूत, शेजारी तिची सासू, मग आई, आत्या, काकवा, माम्या, चुलत बहिणी. पुरुष दोन्ही टोकांना. मी चिखलात आडवा झालो, कारण पत्रकात लिहिलं होतं की तो कॅमेरा जमिनीलगत ठेवायचा.

आणि ढग सरकला.

"थांबा," मी म्हणालो. "अजून नाही."

"काय नाही?" आत्या म्हणाली.

"ढग नीट येऊ दे."

"ढगाचं लग्न आहे का रे?"

भटजी मांडवातून ओरडले, "अहो, मुहूर्त मी काढतो की तुम्ही? लाजाहोम राहिलाय!"

आत्याचे यजमान, ज्यांना आम्ही काका म्हणायचो, भुकेला अतिशय हळवे होते. ते म्हणाले, "पुऱ्या गार होतायत. ढग काही गार होत नाही, तो थांबेल."

मी चिखलातून उठलो नाही, कारण या एका फोटोत पुणं होतं. बायका पदराने घाम पुसत होत्या, कुंकू ओघळू नये म्हणून कपाळाला जपत होत्या. मग ढग आला. केळीच्या मागून असा वर आला की माझ्या डोळ्यांत पाणी उभं राहिलं. मी भिंगापुढे लाल काच धरली आणि फोटो काढला. मग आणखी तीन. सगळे काच लावून.

त्या कॅमेऱ्याला दोन भिंगं होती, वरच्यातून बघायचं, खालच्यातून फोटो निघायचा. काच मी खालच्यापुढे धरली होती, त्यामुळे फोटोत काय उतरतंय ते मला दिसत नव्हतं. पण ते निमित्त झालं. खरं असं की वर्षभर मी ती काच डोळ्याला लावून फक्त वर बघितलं होतं. एकदाही आत्याकडे बघितलं नव्हतं.

फिल्म धुवायला मी नालासोपाऱ्याला स्टेशनजवळच्या स्टुडिओत दिली. चार दिवसांनी गेलो तेव्हा स्टुडिओवाला फार हळू बोलत होता. नेहमी तो गिऱ्हाइकाला बसायलाही सांगत नसे, त्या दिवशी चहा मागवला.

"सगळ्या एकाच घरातल्या?" त्याने विचारलं.

"दोन घरांतल्या," मी म्हणालो. "काही आमच्या, काही व्याह्यांच्या."

"एकाच वेळी झालं?"

"हो, एकाच वेळी. मला फार वेळ थांबावं लागलं."

त्याने चहाचा कप माझ्याकडे सरकवला. मग पाकीट हातात देताना म्हणाला, "काय बोलणार मास्तर. वरच्याच्या मनात असेल तसं."

मला वाटलं तो ढगांबद्दल बोलतोय. मी रस्त्यातच पाकीट उघडलं. ते आकाश! काळंशार, आणि त्यात ढग संगमरवरासारखा. केळीची पानं कोळशाने काढल्यासारखी. मी एसटीत ते फोटो मांडीवर ठेवून बसलो आणि मनात पुण्याचा बिस्तरा बांधला. माणसांकडे माझं लक्ष गेलं नाही. एवढ्या आकाशाखाली माणसं कोण बघतो?

मांडवपरतणीला, म्हणजे नवरीच्या लग्नानंतरच्या पहिल्या माहेरभेटीला, ताई, तिचा नवरा, सासूबाई आणि त्यांच्याकडची फोटोतली सगळी मंडळी आगाशीहून आमच्याकडे जेवायला आली. आमच्याकडच्या बायकाही झाडून सगळ्या हजर होत्या. जेवणं झाल्यावर ओसरीवर बाबा म्हणाले, "आण ते फोटो." मी पाकीट आत्याच्या हातात दिलं.

आत्याने फोटो जवळ धरला, मग लांब धरला. मग चष्मा पुसला.

"माझं कुंकू कुठाय?"

कोणाला कळलं नाही.

"माझं कुंकू कुठाय रे? आणि वहिनीचं? आणि हिचं? आणि..." तिचा आवाज चढत गेला. "अरे, नवरीचं कुंकू कुठाय?"

फोटो हातोहात फिरला आणि मला पहिल्यांदा माणसं दिसली. तेवीस बायका. एकीच्याही कपाळावर काही नाही. कपाळं कशी पाटीसारखी स्वच्छ. ताईचा लाल शालू पांढराफटक, बाकीच्यांच्या लाल-केशरी साड्याही तशाच. हिरवा चुडा काळा. मंगळसूत्र तेवढं वाचलं होतं, मणी काळे म्हणून. सगळ्या जणी भुकेल्या, रागावलेल्या, पांढऱ्या साड्यांत, बोडक्या कपाळाने, काळ्या आकाशाखाली उभ्या. स्टुडिओवाल्याने चहा का पाजला ते कळलं.

लाल काच निळा अडवते आणि लाल सोडते. लाल तिच्यातून पांढरं होऊन येतं. हे मी दरवर्षी दहावीच्या मुलांना शिकवत होतो.

"बाबा, ते भौतिकशास्त्र..." मी सुरुवात केली.

"गप्प बस!" आत्या कडाडली. "नवऱ्याच्या देखत रांडाव केलंस मला!"

काकांनी फोटो मागून घेतला आणि निरखून बघितला. "मी गेलो कधी?" त्यांनी शांतपणे विचारलं. "आणि तेराव्याला काय केलं होतं? मला बोलावलं नाही कोणी."

"तुम्ही मधे बोलू नका."

"मी कसा बोलेन? मी तर वारलोय."

एरवी मी हसलो असतो. पण ताई हसत नव्हती. तिच्या लग्नाला आठवडा झाला नव्हता आणि लग्नाच्या मांडवातला तिचा फोटो असा निघाला होता. ती सासूकडे बघत होती. आईही विहीणबाईंकडे बघत होती. सगळी ओसरी त्यांच्याकडे बघत होती, कारण फोटो आता त्यांच्या हातात होता आणि त्या बोलत नव्हत्या. त्यांनी अशा गोष्टीचा अपशकुन मानायचं ठरवलं असतं तर पुढची वीस वर्षं घरात काहीही बिघडलं की ते ताईच्या माथी आलं असतं. मला पुण्याची आठवणही राहिली नाही.

विहीणबाईंनी फोटो उजेडाकडे नेला.

"ही मी?" त्या म्हणाल्या.

"हो," मी म्हणालो.

त्यांच्या दोन्ही गालांवर वांगाचे मोठे काळसर डाग होते. चारचौघांत त्या पदर गालापर्यंत ओढून बसत. लाल काचेने शालू पांढरा केला तसे तेही डाग पुसून टाकले होते. फोटोतली बाई गोरीपान होती आणि तिचा गाल एकसारखा होता.

"किती वर्षांनी..." त्या म्हणाल्या आणि थांबल्या. मग ताईकडे वळल्या. "सूनबाई, करंडा आण."

करंडा आला. त्यांनी काडेपेटीतली एक काडी घेतली, मागचं टोक कुंकवात बुडवलं आणि मांडीवर फोटो ठेवून पहिल्यांदा ताईच्या कपाळावर टिकली दिली. मग स्वतःच्या. मग आईच्या. माणूस रांगोळीत रंग भरतो तसं चाललं होतं. आत्याचा नंबर आला.

"मला नको!" आत्या म्हणाली. "फोटोला कुंकू मेलेल्या सवाष्णीच्या लावतात. विधवा केलंच आहे, आता मारता पण?"

"म्हणजे आधी मी गेलो आणि मग तू," काका म्हणाले. "तरी सवाष्ण कशी?"

यावर ओसरी फुटली. विहीणबाई इतक्या हसल्या की काडी घसरली आणि आत्याच्या जागी टोकाला उभ्या असलेल्या मामाच्या कपाळाला कुंकू लागलं. ताई पदरात तोंड घालून हसत होती. मी ओसरीच्या खांबाला टेकलो.

मग बाबा खाकरले. "ते आवडण्याचं काय ठरलं?"

मला वाटलं होतं सगळे विसरले असतील.

"मला पसंत," विहीणबाई म्हणाल्या. "हा फोटो मी घेऊन जाणार."

"मला नापसंत," आत्या म्हणाली. "सात जन्म नापसंत."

आई माझ्याकडे न बघता म्हणाली, "ढग चांगले आलेत." जावईबापूंनी नव्या जावयाच्या शहाणपणाने मत दिलं नाही. काकांनी विचारलं, "मयताचं मत धरतात का?" आणि आत्याने धरत नाहीत असं सांगितलं.

बाबांनी राहिलेला एक फोटो उचलला, ज्याच्यावर अजून कुंकू लागलं नव्हतं. बराच वेळ बघत राहिले. मी त्यांच्या नजरेवरून सांगू शकत होतो की ते बायकांकडे बघत नाहीत, केळी बघतायत. मग केळीच्या वर.

"नापास," ते म्हणाले.

मी मान हलवली. वाद घालण्यासारखं काही नव्हतं.

"तेवीस बायका उभ्या केल्या आणि एकीचं कुंकू राखता आलं नाही. ढग राखला. म्हणजे अर्धंच येतं." त्यांनी फोटो खाली ठेवला. "कधी निघायचंय पुण्याला?"

मला कळेना. "पण नापास म्हणालात ना?"

"मग? पास झालेल्याला कोण शाळेत घालतं? तुला सगळं येत असतं तर तीन वर्षं कशाला घालवू दिली असती? इथेच काढले असतेस फोटो." ते आत्याकडे वळले. "अक्का, याला इथे ठेवलं तर पुढच्या लग्नाला परत हेच करणार. शिकून येऊ दे."

आत्या यावर विचार करत बसली. बाबांचं म्हणणं तिला पटलं हे तिला सहन होत नव्हतं.

"जाऊ दे," शेवटी ती म्हणाली. "पण जायच्या आधी हा फोटो परत काढायचा. आत्ताच्या आत्ता. ती काच न लावता."

सगळ्या जणी पुन्हा केळीपुढे जाऊन उभ्या राहिल्या. आत्याने करंडा फिरवला आणि प्रत्येकीला रुपयाएवढं कुंकू लावलं, विहीणबाईंनासुद्धा. विहीणबाईंनी गालावर पदर ओढला, मग माझ्याकडे बघून थोडा मागे सारला. मी काच खिशातच ठेवली, उभा राहिलो आणि कोणालाही थांबायला न लावता फोटो काढला.

त्या फोटोत आकाश कोऱ्या कागदासारखं आहे, एक ढग दिसत नाही. कुंकवं मात्र तेवीसच्या तेवीस. उजव्या टोकाला काका आहेत. त्यांनी एक हात डोक्याच्या वर उंच धरलाय आणि बोटं हलवल्यामुळे तो हात जरा पुसट आलाय. मी त्यांना हात खाली घ्या म्हणून सांगितलं होतं. ते म्हणाले, नाही, जिवंत आहे हे दिसलं पाहिजे.